किल्ल्यांच्या आधीचा घाना

रविवार : तामाले

घानाला येणारा प्रवासी बहुतेक वेळा आक्राला उतरतो, किनाऱ्याने पश्चिमेकडे जातो, केप कोस्ट आणि एल्मिनाचे किल्ले बघतो, तळघरातल्या कोठड्यांत सुन्न होऊन उभा राहतो आणि परत फिरतो. ते बघायलाच हवं. गुलाम म्हणून अटलांटिकपार नेण्यासाठी आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून सुमारे सव्वा कोटी माणसं जहाजांत भरली गेली, त्यातली दहा-बारा लाख या एका किनारपट्टीवरून. पण किल्ल्यात पोचलेला माणूस तिथे गुलाम झालेला नसे. त्याला पकडणारे, चालवत आणणारे, बाजारात उभं करणारे, वाटेत ठेवून घेणारे सगळे आफ्रिकीच होते. आणि ज्यांनी समुद्र कधी पाहिलाच नाही असे असंख्य गुलाम याच देशातल्या घरांत, शेतांत, सोन्याच्या खाणींत जगले आणि मेले. शाळेत इतिहास शिकवताना हा भाग मी दोन ओळींत संपवत आले, कारण पुस्तकात तो तेवढाच असतो. म्हणून उत्तरेतून सुरुवात करून किनाऱ्याकडे उतरायचं ठरवलं.

टेमाला नोकरी करणाऱ्या मावसभावाने गाडी आणि ड्रायव्हर ठरवून दिला. "ताई, तिकडे बघायला काही नाही हं," असं तीनदा बजावलं. ड्रायव्हर कुमासीचा, पन्नाशीचा, मोजकं बोलणारा. हरमटानचे दिवस होते. सहारातून येणाऱ्या वाऱ्याने सगळं तामाले शहर पिठूळ झालेलं, ओठ फुटलेले, भरदुपारी सूर्य फिकट.

सोमवार : पागा

बोल्गाटांगा, नावरोंगो करत बुर्किना फासोच्या सीमेवरचं पागा गाठलं. लोक इथे माणसाळलेल्या मगरींसाठी येतात. आम्ही गावाच्या दुसऱ्या टोकाला, नानियाजवळच्या खडकाळ माळावर गेलो. याला पिकवोरो म्हणतात.

इथे भिंत नाही, कोठडी नाही, छप्पर नाही. उघडा कातळ आणि त्यात ओळीने कोरलेले वाडग्याएवढे खळगे. पकडून आणलेल्या माणसांनी ते दगडाने घासून स्वतःच तयार केले आणि त्यांतच त्यांना जेवण घातलं जाई, एका खळग्याभोवती दोघं-तिघं. मी एकात हात घातला. वापरून झिजलेल्या पाट्याचा मध्य लागतो तसा तळ गुळगुळीत लागला. दगड इतका झिजायला किती हात लागले असतील! पलीकडे पाणी साठणारी खोलगट जागा आहे, टेहळणीचा उंच खडक आहे, आणि एक वेगळा दगड आहे. पळून जाणाऱ्याला त्यावर हातपाय बांधून, तोंड सूर्याकडे करून बसवत. सकाळचे दहाच वाजले होते, तरी त्या दगडावर तळहात ठेवून राहणं जड गेलं.

गावातली तीन माणसं एका मोठ्या कातळावर लहान दगड आपटून ताल धरतात आणि गातात. पकडलेल्यांना असंच गायला लावत, असं गाईडने सांगितलं. त्याच्या सांगण्याप्रमाणे ही छावणी 1704 मध्ये सुरू झाली आणि 1845 पर्यंत चालली. माणसं पळवणारे कोण, तर त्याने बाबातू आणि सामोरी ही नावं घेतली. दोघांच्याही धाडी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातल्या, म्हणजे सनावळ्या जुळत नाहीत. गावाच्या आठवणीत पिढ्यान्‌पिढ्यांचे सगळे पळवणारे या दोन नावांत गोळा झाले आहेत. असं होतंच, आणि त्यामुळे तो कातळ खोटा ठरत नाही.

इथून विकत घेतलेली माणसं पायी दक्षिणेला, सालागाच्या बाजारात नेली जात. अंतर तीनशे किलोमीटरच्या आसपास. गळ्यात दोर, डोक्यावर व्यापाऱ्याचा माल. या सगळ्या वाटेवर गोरा माणूस कुठेच नव्हता.

मंगळवार : ग्वोल्लू

टुमूवरून पुढे ग्वोल्लूपर्यंतचा रस्ता हाडं खिळखिळी करणारा. हे सिसाला लोकांचं गाव, घानाचे माजी राष्ट्राध्यक्ष हिला लिमान यांचंही. मला बघायची होती इथली मातीची तटबंदी. आता तिचे थोडे तुकडे उरलेत, जाड, खडबडीत, पावसाने खांदे ढासळलेले. एका तुकड्याला टेकून सायकल उभी होती.

कोरो तांजा या गावप्रमुखाच्या काळात ती बांधली. आधी घरांभोवती एकच भिंत घातली. रात्री घरात झोपलेला माणूस सुरक्षित झाला. मग धाडी घालणारे दिवसा येऊ लागले. बाई पाण्याला गेली, पोर सरपणाला गेलं, माणूस बाजरीच्या शेतात गेला की उचलला. म्हणून दुसरी, बाहेरची भिंत बांधावी लागली, शेतं आणि पाणी पोटात घेणारी. एवढ्या कोरड्या मुलखात, पाणी लांबून आणावं लागत असताना, सगळ्या गावाने किती माती मळली असेल!

या पट्ट्यात राजे नव्हते. कासेना, सिसाला, बुल्सा ही माणसं वाड्या करून राहायची. तिंदाना, म्हणजे धरतीचा पुजारी, जमिनीचे तंटे सोडवायचा. फौज नाही, घोडदळ नाही, खंडणी वसूल करणारा कारभारी नाही. जगायला हे किती बरं! पण शेजारी घोडे आणि बंदुका असलेली राज्यं उभी राहिली की अशीच वस्ती शिकारीचं रान होते. पकडलेली माणसं दूर कुठून तरी आणली जात होती असं नाही. बाजूच्या मुलखातूनच नेली जात होती.

भिंत दाखवणाऱ्या काकांनी मला विचारलं, "तुमच्या देशात होती का अशी खरेदी-विक्री?" मी हो म्हटलं. पेशवाईच्या दप्तरात कुणबिणींचे, बटकींचे व्यवहार नोंदलेले आहेत. बायका विकत घेतल्या गेल्या, सरकारी कोठ्यांत आणि वाड्यांत राबल्या, बक्षीस म्हणून दिल्या गेल्या. हे मी त्यांना सांगितलं. पुण्यात हे मी किती जणांना सांगितलंय, हा प्रश्न तेव्हापासून मनात आहे.

बुधवार : परतीची वाट

दिवसभर गाडीतच. वाटेत सान्देमाकडे जाणारा फाटा लागला. तिथले बुल्सा लोक दर डिसेंबरात फेओक नावाचा सण करतात, बाबातूच्या टोळ्यांना हरवल्याची आठवण म्हणून. अंगावर लढाईचा वेष, हातात धनुष्य.

गाडीत बसल्या बसल्या सगळी साखळी वहीत मांडली. अठराव्या शतकाच्या मध्यावर दक्षिणेतल्या, कुमासी राजधानी असलेल्या असान्ते राज्याने उत्तरेतल्या दाग्बोनवर स्वारी केली आणि त्याच्या राजाला, या-ना गारिबाला, कैद केलं. सुटकेच्या बदल्यात दरसालची खंडणी बसली: गुलाम, गुरं, मेंढरं, कापड. आपलीच रयत कोण देणार? मग दाग्बोन आपल्या वेशीपलीकडच्या राजे नसलेल्या गावांवर धाडी घालू लागलं. 1860 च्या दशकात या कामाला आजच्या नायजरमधून आलेले झाबारिमा घोडेस्वार मिळाले. आधी अल्फा हानो, मग गाझारी, मग बाबातू असे त्यांचे पुढारी. मागणी कुमासीची, जबाबदारी येंदीच्या, म्हणजे दाग्बोनच्या राजधानीतल्या दरबाराची, घोडे झाबारिमांचे, आणि उचललं जाणारं पोर ग्वोल्लूचं.

1874 मध्ये इंग्रजांनी कुमासी जाळलं आणि खंडणी थांबली. धाडी मात्र थांबल्या नाहीत. झाबारिमा तोवर कुणाचे चाकर राहिले नव्हते. त्यांच्या सैन्यात पकडून आणलेली स्थानिक मुलंच मोठी होऊन लढत होती. त्यांतल्याच आमारियाने 1890 च्या दशकात बाबातूविरुद्ध बंड केलं, पाठोपाठ फ्रेंच फौजा आल्या आणि बाबातूची सद्दी संपली. तो येंदीला आश्रयाला गेला आणि तिथेच वारला. त्याचे वंशज आजही तिथे राहतात, आणि सिसाला त्यांच्याच देशाचे नागरिक आहेत, एकाच रांगेत मतदान करतात.

गुरुवार : सालागा

सालागाच्या चौकात एक गोरखचिंच, तिच्याजवळ एक पाटी, आणि भोवती टोमॅटो, सुकी मासळी, मोबाईलची रिचार्ज कार्डं विकणारा रोजचा बाजार. माणसं इथेच विकली जायची.

सालागाचं मोठेपण कोलाच्या बियांवर उभं राहिलं. चघळल्यावर भूक आणि थकवा मारणाऱ्या या कडू बिया असान्तेच्या जंगलात होतात आणि मुसलमान हौसा व्यापाऱ्यांना त्या उत्तरेत हव्या असायच्या. दक्षिणेतून कोला वर यायचा, उत्तरेतून मीठ, गुरं, कापड, कातडी सामान आणि माणसं खाली यायची. चलन कवड्यांचं. या कवड्या आपल्या समुद्रातल्या, मालदीवच्या. जहाजांच्या तळाशी भार म्हणून भरून युरोपला जात आणि तिथून पश्चिम आफ्रिकेत येत. तुळजाभवानीच्या आराध्यांच्या गळ्यात जी कवडी दिसते, तीच इथे पोत्यांनी मोजून माणसाच्या किमतीत जायची. संग्रहालयात हे वाचलं होतं, पण इथे एका दुकानदाराने जुन्या विहिरीच्या गाळात सापडलेल्या चार कवड्या माझ्या हातावर ठेवल्या. पिवळट, पाठ फोडून भोक पाडलेल्या. दोरीत ओवण्यासाठी.

विहिरी गावात जागोजागी आहेत, कातळ फोडून केलेल्या, अरुंद तोंडाच्या. महिनोन्‌महिने चालून आलेल्या माणसांना बाजाराआधी आंघोळ घालत, अंगाला शीया लोणी चोळत, म्हणजे कातडी तुकतुकीत दिसे आणि भाव चढे. त्या आंघोळीची जागा आजही त्याच नावाने ओळखली जाते. मी एका विहिरीत वाकून पाहिलं. खाली पाणी होतं, आणि एक मुलगी शेजारी बादली घेऊन थांबली होती, मी बाजूला होण्याची वाट बघत. विहीर वापरात आहे.

एक गोष्ट इथे नीट समजून घ्यायला हवी. इंग्रजांनी 1807 मध्ये आपल्या जहाजांना गुलामांचा व्यापार बंद केला. त्यानंतर किनाऱ्यावरची खरेदी घटत गेली. पण आतल्या मुलखात गुलामांचा वापर कमी झाला नाही, उलट वाढला. किंमत उतरल्यामुळे जो आधी घेऊ शकत नव्हता तोही घेऊ लागला. कोला तोडायला, वाहायला, किनाऱ्याजवळ पामतेल काढायला हात हवेच होते. 1877 मध्ये बासेल मिशनचे आफ्रिकी पाद्री थिओफिल ओपोकू इथे आले, तेव्हा हा बाजार भरात होता. म्हणजे लंडनच्या कायद्याला सत्तर वर्षं होऊन गेली होती.

आमचा ड्रायव्हर या चौकात गाडीतून उतरला नाही. मी विचारलं तर म्हणाला, "मॅडम, मी कुमासीचा आहे. इथे सगळे मला ओळखतील." बोलण्यावरून, एवढंच त्याला म्हणायचं होतं बहुतेक. मी पुढे विचारलं नाही.

शुक्रवार : येजी

माकांगोच्या धक्क्यावर फेरीची वाट बघण्यात सकाळ गेली. व्होल्टावर आकोसोम्बो धरण झाल्यावर इथे समुद्रासारखं पाणी पसरलं. पलीकडे येजी, मग आतेबुबू, एजुरा आणि कुमासी. जुना तांड्यांचा रस्ता हाच, त्याचा काही भाग आता तलावाखाली. एजुराच्या पुढे झाडी दाट झाली, हवा ओली झाली.

शनिवार-रविवार : कुमासी

मान्हिया राजवाड्याचं संग्रहालय म्हणजे 1925 मध्ये बांधलेलं साधं दुमजली घर. सेशेल्सच्या हद्दपारीतून परतलेल्या प्रेम्पेह राजासाठी ते बांधलं गेलं. 1874 च्या स्वारीत आणि नंतर लुटून नेलेल्या सोन्याच्या काही वस्तू लंडनच्या दोन संग्रहालयांनी 2024 मध्ये इथे उसन्या दिल्या. आपल्याच वस्तू उसन्या घ्याव्या लागणं हा अपमान आहे, आणि तिथल्या लोकांच्या डोळ्यांत तो दिसतो. मलाही राग आला. तरी काचेसमोर उभं राहून दुसराही विचार आला: हे सोनं जमिनीतून काढलं कुणी? अरुंद खड्ड्यांत उतरून माती वर देणारे बरेचसे गुलाम होते. असान्ते सोन्याची गोष्ट त्यांच्याशिवाय पुरी होत नाही.

असान्ते समाजात परावलंबनाचे कितीतरी प्रकार होते आणि प्रत्येकाला वेगळं नाव. युद्धात पकडलेला वेगळा, कर्जापोटी गहाण ठेवलेला वेगळा, उत्तरेतून विकत आणलेला ओदोंको वेगळा. गहाण पडलेल्याचे आईवडील, मामा जिवंत असत, कर्ज फिटलं की तो घरी जाई. ओदोंकोला परत जायला घर नव्हतं. सगळ्यांत वाईट दशा आक्येरेची. मृत्युदंड ठोठावून ज्याला राखून ठेवलंय असा माणूस. थोर माणूस वारला की परलोकात सेवेला म्हणून अशा लोकांचा बळी जाई.

दुसऱ्या बाजूला ओदोंको लग्न करू शके, स्वतःची मिळकत करू शके, कधी स्वतः गुलामही विकत घेई. दोन-तीन पिढ्यांत त्याची मुलंबाळं मालकाच्या कुळात मिसळून जात. यावरून अनेक जण म्हणतात की आफ्रिकेतली गुलामगिरी म्हणजे नोकराला घरचा माणूस मानणं. मला हे पटत नाही, आणि का पटत नाही ते बाईच्या बाजूने बघितलं की कळतं.

असान्ते कूळ आईकडून चालतं. मूल आईच्या आबुसुआचं, म्हणजे तिच्या कुळाचं. वारसा मामाकडून भाच्याकडे. स्वतंत्र बाईशी लग्न केलेल्या पुरुषाची मुलं त्याच्या कुळाची होत नाहीत. बायकोच्या पाठीशी तिचे भाऊ उभे, तिला छळलं तर ती माहेरी जाणार, पोरं घेऊन जाणार. आता त्याच पुरुषाने ओदोंको बाई विकत घेऊन तिच्याशी लग्न केलं तर? तिला आबुसुआ नाही. तिच्या मुलांना मामा नाही. भांडणात बोलायला, आजारात घेऊन जायला, मेल्यावर रडायला त्या बाजूचं कुणी नाही. ती मुलं पूर्णपणे बापाची, त्याच्या कुळाचं बळ वाढवणारी. अशा बायकांना मागणी होती ती यामुळे. तिला मारहाण होतच असेल असं नाही, जेवण एकाच घरात होत असेल, पण तिला जायला जागा नव्हती. घरात सामावून घेतलं म्हणजे सोडलं असं होत नाही.

आणि त्यावर तो प्रसिद्ध नियम: कुणी कुणाचं मूळ सांगू नये. असान्ते राज्य उभं करणाऱ्या पहिल्या ओसेई तुतूच्या काळापासून चालत आलेला, असं मानतात. जिंकलेल्या, विकत आणलेल्या, आश्रयाला आलेल्या लोकांचं एक राष्ट्र करायचं तर हे शहाणपणाचंच होतं. गुलामाच्या नातवाला कुणी भर चावडीत हिणवू शकत नव्हतं. पण कुळातल्या वडीलधाऱ्यांना सगळं माहीत असे, आणि गादीचा, जमिनीचा वाद निघाला की ते मूळ हळूच वर येई. अजूनही येतं. ज्या बाईला सालागातून आणलं तिचं गाव कोणतं, नाव काय, हे तिच्या पणतवंडांना विचारता येत नाही. नियमाने पोरांची अब्रू राखली आणि आजीला पुसून टाकलं.

आसान्तेहेने, म्हणजे असान्तेचा राजा, ओसेई बोन्सूचं 1820 मधलं एक संभाषण इंग्रज सरकारचा दूत जोसेफ ड्युपुई याने नोंदवून ठेवलंय. राजा म्हणतो, झाडीत चोरासारखं लपून गुलाम पकडण्यासाठी मी लढाई करत नाही, माझ्या पूर्वजांनीही केली नाही. पण उद्धट राजाशी लढून त्याला मारलं तर त्याचं सोनं, त्याचे गुलाम आणि त्याची माणसंही माझीच. राजाला या दोन गोष्टींत फरक खरोखर दिसत होता. ग्वोल्लूची भिंत पाहून आलेल्या मला तो दिसेना.

सोमवार : आसिन मान्सो, एल्मिना, केप कोस्ट

आसिन मान्सोला दोंको न्सुओ नदी आहे. किनाऱ्यावर नेण्याआधीची शेवटची आंघोळ इथे. 1998 मध्ये अमेरिका आणि जमैकातून दोन गुलामांचे अवशेष आणून इथे पुरले. अमेरिकेतून आलेल्या काही कृष्णवर्णीय बायका अनवाणी पाण्यात उतरून उभ्या होत्या. त्या येतात, शोधतात, रडतात. ज्या बायका कुमासीतच ठेवल्या गेल्या, त्यांच्यासाठी येणारं कुणी नाही.

एल्मिनाचा किल्ला पोर्तुगीजांनी 1482 मध्ये बांधला तो सोन्यासाठी. तेव्हा आणि पुढची काही दशकं ते बेनिनच्या बाजूने गुलाम आणून इथे आफ्रिकी सोनेव्यापाऱ्यांना विकत होते. म्हणजे या किल्ल्यात गुलाम आधी उतरले आणि नंतर चढले. जंगल तोडायला, माल वाहायला, खाणीत राबायला आकान सरदारांना ते हवे होते. युरोपी लोकांनी या बाजाराचं राक्षसी रूप केलं, त्यांच्या बंदुकांनी आणि मागणीने अख्खे प्रदेश उजाड झाले, हे निःसंशय. बाजार मात्र त्यांना इथे भेटला.

केप कोस्टच्या किल्ल्यात सगळे जिथे जातात त्या कोठड्या पाहिल्या. त्यांच्याबद्दल पुष्कळ लिहिलं गेलंय. मला आठवत होता 17 डिसेंबर 1874, गोल्ड कोस्ट या इथल्या किनाऱ्यावरच्या इंग्रज वसाहतीत गुलामगिरी रद्द करणाऱ्या कायद्याची तारीख. त्या कायद्याचा नमुना हिंदुस्थानातला, 1843 च्या पाचव्या कायद्याचा. मालकाला भरपाई नाही, गुलामाला जमीन नाही, सोडण्याची सक्तीही नाही. कोर्ट कुणाचा गुलामावरचा हक्क मानणार नाही, एवढंच. ज्याला कळेल तो जाईल. कंपनी सरकारला आपल्या जमीनदारांना न दुखवता हात धुवायचे होते, तीच सोय तीस वर्षांनी इथे वापरली. असान्ते तेव्हा वसाहतीबाहेर होतं, तिथे हा कायदा लागूच नव्हता.

काही जण गेले. तरुण पुरुषांपैकी पळून आलेले बरेच इंग्रजांच्या हौसा पलटणीत भरती झाले. बायका बहुतेक राहिल्या, पोरं तिथली होती, उत्तरेची वाट कुठून सुरू होते हे लहानपणी आणलेल्यांना ठाऊक नव्हतं. आणि बाजार बंद झाला तसं गहाणाचं प्रमाण वाढलं. विसाव्या शतकात कोकोच्या बागांसाठी कर्जं काढली गेली आणि त्यापोटी भाच्या-पुतण्या सावकाराच्या घरी पाठवल्या गेल्या. मुलगी वर्षानुवर्षं शेतात आणि घरात राबायची. तिचं सगळं काम व्याजात धरलं जायचं, आणि मुद्दल होतं तेवढंच राहायचं.